बाबूराव पेंटर

बाबूराव कृष्णराव मेस्त्री ऊर्फ बाबूराव पेंटर (जन्म : ३ जून १८९०, कोल्हापूर, मृत्यू : १६ जानेवारी १९५४, कोल्हापूर) हे मराठी चित्रकार, शिल्पकार, नेपथ्यकार, चित्रपट दिग्दर्शक व निर्माते होते. कोल्हापूर येथील महाराष्ट्र फिल्म कंपनीचे ते संस्थापक होत. चित्रपट छायांकनासाठी लागणारा कॅमेरा त्यांनी विष्णुपंत दामले यांच्या साहाय्याने कोल्हापुरातच घडविला आणि त्या कॅमेऱ्यावर सैरंध्री (१९२०) हा आपला पहिला मूकपट चित्रित केला. रंगविलेल्या पडद्यांऐवजी भरीव नेपथ्य, कृत्रिम प्रकाशाचा वापर, चित्रीकरणापूर्वी काढलेली दृश्यांची रेखाटने, चित्रकाराच्या हातची भित्तिपत्रके अशा अनेक गोष्टी त्यांनी भारतीय चित्रपटात रुजविल्या. त्यांचा सावकारी पाश (१९२५) हा मूकपट भारतीय वास्तववादी चित्रपटाचा आरंभ मानला जातो. त्यांना आदराने कलामहर्षी असे संबोधले जाते.

जन्म व जडणघडण

बाबूरावांचा जन्म कोल्हापुरातील एका कारागीर कुटुंबात झाला. वडील कृष्णराव मेस्त्री हे सुतारकाम व लोहारकाम करीत. त्याबरोबरच चित्रकला, मूर्तिकाम आणि हस्तिदंतावरील कोरीवकाम यांतही त्यांचा हात चालत असे. घरातच हत्यारे, लाकूड, धातू आणि रंग असल्यामुळे बाबूरावांचे खरे शिक्षण वडिलांच्या कामाच्या जागी झाले. शालेय शिक्षण फारसे झाले नाही आणि मुंबईच्या सर जे. जे. कलाशाळेतही ते गेले नाहीत. चित्रकला व शिल्पकला त्यांनी निरीक्षणाने आणि सरावाने आत्मसात केली. त्यांचे चुलतबंधू आनंदराव मेस्त्री हेही कुशल चित्रकार व यंत्रज्ञ होते. या दोघा भावांची जोडी पुढे सर्व कामांत बरोबर राहिली.

त्या काळचे कोल्हापूर कलांना पोषक होते. राजर्षी शाहू महाराजांच्या आश्रयाने गायन, नाट्य, चित्रकला व मल्लविद्या यांची तेथे भरभराट होत होती. आबालाल रहिमान यांच्यासारखा थोर निसर्गचित्रकार तेथे कार्यरत होता. पाश्चात्त्य पद्धतीचे यथार्थदर्शन आणि छायाप्रकाशाची जाण ही कोल्हापूरच्या चित्रपरंपरेची वैशिष्ट्ये बाबूरावांच्या कामातही उतरली.

रंगभूमीवरील नेपथ्यचित्रण

साधारण १९१० ते १९१६ या काळात आनंदराव व बाबूराव यांनी नाटक मंडळ्यांसाठी पडदे रंगविण्याचे काम केले. संगीत नाटकांच्या वैभवाचा तो काळ होता आणि राजवाडा, अरण्य, रस्ता, नदीकाठ अशा देखाव्यांच्या पडद्यांना प्रेक्षकांची दाद मिळत असे. केशवराव भोसले यांच्या ललितकलादर्श मंडळीसाठी या बंधूंनी रंगविलेले पडदे विशेष नावाजले गेले. गुजराती व पारशी नाटक कंपन्यांसाठीही त्यांनी काम केले. याच व्यवसायामुळे दोघांच्या नावापुढे पेंटर ही ओळख जोडली गेली आणि मेस्त्री हे मूळ आडनाव मागे पडले.

पडदे रंगविताना मोठ्या आकारात विचार करण्याची सवय बाबूरावांना लागली. सपाट कापडावर खोली कशी भासवावी, दिव्याच्या उजेडात कोणता रंग उठून दिसतो व कोणता मरतो, दूरवर बसलेल्या प्रेक्षकाची नजर कोठे खिळवावी, या प्रश्नांशी त्यांचा रोजचा संबंध होता. त्याच वेळी या पद्धतीच्या मर्यादाही त्यांना कळल्या. रंगविलेला खांब हा प्रेक्षकाने मान्य केलेला संकेत असतो. नट त्या खांबाला टेकू शकत नाही, त्याची सावली खऱ्या सावलीत मिसळत नाही. चित्रपटाकडे वळल्यावर त्यांनी पडद्याचे नेपथ्य सोडून दिले, त्याचे मूळ या अनुभवात आहे.

कॅमेऱ्याची निर्मिती

१९१३ साली दादासाहेब फाळके यांचा राजा हरिश्चंद्र प्रदर्शित झाला आणि आनंदराव व बाबूराव चित्रपटाच्या नादी लागले. मुंबईहून जुना प्रक्षेपक विकत आणून त्यांनी चित्रपटांचे खेळ सुरू केले. खेळ दाखविता दाखविता यंत्राची रचना समजून घेणे हा त्यामागील मुख्य हेतू होता. फाळके यांनी आपला विल्यमसन कॅमेरा लंडनहून आणला होता. मेस्त्री बंधूंजवळ तेवढा पैसा नव्हता. पहिल्या महायुद्धामुळे परदेशी यंत्रसामग्री मिळणेही दुरापास्त झाले होते. तेव्हा कॅमेरा स्वतःच तयार करावा असे त्यांनी ठरविले.

हे काम वरवर दिसते तितके सोपे नव्हते. चित्रपटाच्या कॅमेऱ्यात फिल्म सलग सरकत नाही. प्रत्येक चित्रासाठी ती क्षणभर पूर्ण थांबावी लागते, त्या क्षणी झडप उघडून प्रकाश आत यावा लागतो आणि झडप मिटलेली असताना फिल्म पुढच्या चित्राइतकी सरकावी लागते. मूकपटांच्या काळात ही क्रिया हाताने दांडा फिरवून सेकंदाला साधारण सोळा वेळा घडवावी लागे. फिल्मच्या दोन्ही कडांना असलेल्या छिद्रांत यंत्राचे दात नेमके बसले नाहीत, तर चित्र थरथरते किंवा फिल्म फाटते. केसभर चूकही पडद्यावर कितीतरी पटींनी मोठी होऊन दिसते. असे यंत्र घडविण्यासाठी सुताराची नजर, लोहाराचा हात आणि घड्याळजीची अचूकता एकाच ठिकाणी असावी लागते.

काम चालू असतानाच १९१६ साली आनंदरावांचे अकाली निधन झाले. या आघातानंतरही बाबूरावांनी प्रयत्न सोडला नाही. त्यांचे शिष्य विष्णुपंत गोविंद दामले यांना यंत्रकामात विलक्षण गती होती. दोघांनी मिळून सुटे भाग लेथवर कातून, जुळवून, पुन्हा पुन्हा तपासून १९१८ साली कॅमेरा पूर्ण केला. भारतीय कारागिरांनी देशात घडविलेला आणि प्रत्यक्ष चित्रपटनिर्मितीसाठी वापरला गेलेला हा पहिला चित्रपट-कॅमेरा म्हणून ओळखला जातो.

महाराष्ट्र फिल्म कंपनी

कॅमेरा हाती आल्यावर बाबूरावांनी कोल्हापुरात महाराष्ट्र फिल्म कंपनीची स्थापना केली. भांडवल उभे करणे ही मोठी अडचण होती. सिनेमा हा धंदा आहे की खेळ, याविषयीच लोकांच्या मनात शंका होती. अशा वेळी गायिका तानीबाई कागलकर यांनी विश्वासाने आर्थिक साहाय्य केले. शाहू महाराजांचे प्रोत्साहनही कंपनीला लाभले.

कंपनीचे स्वरूप एखाद्या कारखान्यापेक्षा गुरुगृहासारखे होते. दामले व शेख फत्तेलाल हे प्रारंभापासूनचे सहकारी. बाबूराव पेंढारकर, व्ही. शांताराम, केशवराव धायबर ही मंडळी पुढे येऊन मिळाली. येथे कामाची कडक वाटणी नव्हती. नट असला तरी तो नेपथ्य उभारण्यास हात लावी, फिल्म धुण्याच्या खोलीत काम करी, वेळ पडल्यास झाडलोटही करी. फिल्म धुणे, वाळविणे, प्रती काढणे, जोडणे ही सर्व कामे कंपनीच्या आवारातच हाताने केली जात. त्यामुळे येथून बाहेर पडलेल्या प्रत्येकाला चित्रपटाची सर्व अंगे ठाऊक असत.

सैरंध्री

कंपनीचा पहिला चित्रपट सैरंध्री ७ फेब्रुवारी १९२० रोजी पुण्याच्या आर्यन चित्रपटगृहात प्रदर्शित झाला. पांडवांच्या अज्ञातवासात विराटाच्या घरी सैरंध्री बनून राहिलेली द्रौपदी, तिच्यावर वाईट नजर ठेवणारा कीचक आणि भीमाने केलेला त्याचा वध हे त्याचे कथानक होते. याच विषयावरील कृष्णाजी प्रभाकर खाडिलकर यांचे कीचकवध हे नाटक १९०७ साली रंगभूमीवर आले होते. त्यातील कीचकात लॉर्ड कर्झनची छाया दिसते म्हणून सरकारने १९१० साली त्यावर बंदी घातली होती. त्यामुळे हे कथानक मराठी प्रेक्षकांच्या दृष्टीने केवळ पौराणिक उरले नव्हते.

या चित्रपटात स्त्रियांच्या भूमिका स्त्रियांनीच केल्या. राजा हरिश्चंद्रमध्ये तारामतीची भूमिका पुरुषाला करावी लागली होती. फाळके यांच्या मोहिनी भस्मासुर या चित्रपटात दुर्गाबाई व कमलाबाई या मायलेकींनी काम केले असले, तरी चित्रपटात काम करणे हे प्रतिष्ठित स्त्रीला शोभत नाही हा समज दृढ होता. गुलाबबाई व अनुसयाबाई या दोघींनी तो रोष पत्करून बाबूरावांच्या चित्रपटात काम केले. त्या पुढे कमलादेवी व सुशीलादेवी या नावांनी ओळखल्या गेल्या. या निर्णयाची सामाजिक किंमत त्यांना मोजावी लागली. मूकपटाच्या यशाचे श्रेय दिग्दर्शकाला मिळते. पण त्या यशात या दोन स्त्रियांच्या धैर्याचा वाटा मोठा आहे.

झुंझारराव पवार यांनी कीचकाची व बाळासाहेब यादव यांनी भीमाची भूमिका केली होती. कीचकवधाचे दृश्य इतके खरे वाटे की, चित्रपटगृहात प्रेक्षक घाबरून ओरडत, काहींना भोवळ येई, असे सांगितले जाते. पुढे हे दृश्य कापावे लागले. लोकमान्य टिळकांनी हा चित्रपट पाहून बाबूरावांचा सुवर्णपदक देऊन गौरव केला आणि त्यांना सिनेमा केसरी ही पदवी दिली. त्याच वर्षी १ ऑगस्ट रोजी टिळकांचे निधन झाले.

पौराणिक व ऐतिहासिक चित्रपट

सैरंध्रीच्या यशानंतर कंपनीने सातत्याने चित्रपट काढले. सुरेखाहरण (१९२१) मधून व्ही. शांताराम पहिल्यांदा पडद्यावर आले. भगवद्भक्त दामाजी (१९२२) हा संतचरित्रावरील चित्रपट होता. मायाबाजार, भक्त प्रल्हाद, मुरलीवाला, सती सावित्री हे पौराणिक चित्रपटही पुढील काळात निघाले.

सिंहगड (१९२३) हा बाबूरावांच्या कारकिर्दीतील महत्त्वाचा टप्पा होय. हरि नारायण आपटे यांच्या गड आला पण सिंह गेला या कादंबरीवर तो आधारित होता. बाबूरावांनी स्वतः छत्रपती शिवाजी महाराजांची आणि शांताराम यांनी शेलारमामांची भूमिका केली. तानाजी मालुसरे यांचा सिंहगडावरील हल्ला रात्रीचा. तो दिवसाच्या उजेडात दाखविणे बाबूरावांना पटले नाही. त्या काळी चित्रीकरण उन्हावर अवलंबून असे. उघड्यावर नेपथ्य उभारायचे, वरून पांढरे कापड ताणून ऊन सौम्य करायचे आणि चकाकत्या फळ्यांनी उजेड परतवायचा ही रूढ पद्धत होती. बाबूरावांनी रात्रीच्या प्रसंगांसाठी विजेच्या कमानदिव्यांचा उपयोग केला. काळोखातून उजळणारे चेहरे, शस्त्रांची चमक आणि गडाच्या कड्यांची काळी आकृती यांमुळे युद्धप्रसंगाला वेगळेच गांभीर्य आले.

सिंहगड पाहण्यासाठी लोटलेली गर्दी अभूतपूर्व होती. मुंबई इलाख्यात १९२३ साली करमणूक कर लागू झाला; या चित्रपटाच्या उत्पन्नाने सरकारी महसूल खात्याचे लक्ष चित्रपटांकडे वेधले, असे चित्रपटाचे इतिहासकार नमूद करतात. पुढे कल्याणचा खजिना (१९२४), सती पद्मिनी (१९२४), राणा हमीर (१९२५), बाजीप्रभू देशपांडे (१९२९) असे ऐतिहासिक चित्रपट कंपनीने काढले. १९२४ सालच्या लंडनजवळील वेम्बली येथील प्रदर्शनात कंपनीच्या चित्रपटांची वाखाणणी झाली.

सावकारी पाश

देव, राजे आणि वीर यांच्या कथा भरघोस चालत असताना बाबूरावांनी १९२५ साली सावकारी पाश हा चित्रपट काढला. कथा नारायण हरि आपटे यांची होती. कर्जात बुडालेल्या शेतकऱ्याची जमीन सावकार गिळंकृत करतो आणि तो शेतकरी गाव सोडून शहरात गिरणीमजूर होतो, असे त्याचे कथानक होते. शेतकऱ्याची भूमिका व्ही. शांताराम यांनी व सावकाराची झुंझारराव पवार यांनी केली.

या विषयाला महाराष्ट्राच्या अनुभवाचा आधार होता. मे १८७५ मध्ये पुणे जिल्ह्यातील सुपे येथे शेतकऱ्यांनी सावकारांच्या घरांवर चालून जाऊन कर्जखते जाळली आणि तो उठाव पुणे व अहमदनगर (आताचे अहिल्यानगर) जिल्ह्यांतील अनेक गावांत पसरला. दख्खनचे दंगे या नावाने तो इतिहासात नोंदला गेला. सरकारने चौकशी आयोग नेमला व १८७९ साली दख्खनमधील शेतकऱ्यांच्या संरक्षणासाठी कायदा केला. तरीही अंगठा उठवून जमीन गमावण्याचे प्रकार थांबले नाहीत. गाव सोडून मुंबईच्या गिरणीत जाणारा कुणबी हे घाटावरील गावोगावचे परिचित चित्र होते. पडद्यावर मात्र ते तोवर कोणी आणले नव्हते.

चित्रणाची शैलीही विषयाला साजेशी होती. भपकेबाज नेपथ्य व दागदागिने बाजूला ठेवून बाबूरावांनी झोपडी, अंधार आणि दारिद्र्य यांना मध्यवर्ती स्थान दिले. अंधूक उजेडातील उजाड झोपडी आणि तिच्याजवळ रडणारे कुत्रे हे त्यातील दृश्य पाहणाऱ्यांच्या दीर्घकाळ स्मरणात राहिले, निर्माते-दिग्दर्शक जे. बी. एच. वाडिया यांनी अनेक वर्षांनंतरही त्याची आवर्जून आठवण काढली आहे. मूकपटात कुत्र्याचे रडणे ऐकू येत नाही. ते प्रेक्षकाला चित्रातूनच जाणवावे लागते.

चित्रपटाला व्यावसायिक यश मिळाले नाही. अद्भुत प्रसंगांची सवय झालेल्या प्रेक्षकाला स्वतःचेच दुःख तिकीट काढून पाहणे रुचले नसावे. कंपनी पुन्हा पौराणिक व ऐतिहासिक विषयांकडे वळली. परंतु बाबूरावांच्या मनातून हा विषय गेला नाही. १९३६ साली त्यांनी सावकारी पाश हाच चित्रपट बोलपटाच्या स्वरूपात पुन्हा काढला. पूर्वी न चाललेला विषय अकरा वर्षांनी पुन्हा हाती घेण्यावरून त्यांची या कथेवरील निष्ठा स्पष्ट होते.

चित्रीकरणाची पद्धत

बाबूराव चित्रपटाचा विचार चित्रकाराप्रमाणे करीत. पटकथा ते स्वतः लिहीत आणि चित्रीकरणापूर्वी पात्रांची वेशभूषा, त्यांच्या हालचाली व उभे राहण्याच्या जागा यांची रेखाटने काढीत. नटाला प्रसंग समजावून सांगताना ही रेखाटने उपयोगी पडत. चित्रचौकटीत पात्र कोठे असावे, मोकळी जागा किती असावी, प्रकाश कोणत्या बाजूने यावा हे कॅमेरा सुरू होण्यापूर्वीच ठरलेले असे.

नेपथ्याच्या बाबतीत त्यांनी रंगभूमीशी असलेले नाते तोडले. रंगविलेल्या पडद्यापुढे नट उभे करण्याऐवजी त्यांनी लाकूड, माती, कापड व गिलावा यांच्या भरीव वास्तू उभ्या केल्या. पात्रे त्या वास्तूत वावरू शकत, खांबाआडून येऊ शकत, त्यांच्या सावल्या भिंतींवर पडत. याचबरोबर प्रकाशाकडे केवळ दृश्य उजळण्याचे साधन म्हणून न पाहता भाव व्यक्त करण्याचे साधन म्हणून त्यांनी पाहिले.

रंगांचे ज्ञान त्यांना कृष्णधवल चित्रणातही उपयोगी पडले. त्या काळी प्रचलित असलेल्या फिल्मवर लाल रंगाचा परिणाम जवळजवळ होत नसे. त्यामुळे लाल वस्तू काळी व निळे आकाश पांढरे उमटत असे. कुंकू, ओठ, तांबडी पागोटी, गुलाबी रेशीम यांतील कोणता रंग पडद्यावर किती गडद दिसेल याचा अंदाज आधी बांधावा लागे. आयुष्यभर रंगांत बुडालेल्या माणसाला हे हिशेब मांडणे इतरांपेक्षा सोपे होते. वेशभूषा व नेपथ्य यांचे रंग ते याच दृष्टीने निवडत.

भित्तिपत्रके व प्रसिद्धी

चित्रपटाची जाहिरात हीदेखील कला आहे हे बाबूरावांनी लवकर ओळखले. १९२१-२२ पासूनच त्यांच्या चित्रपटांबरोबर कथासार, कलावंतांची माहिती व छायाचित्रे असलेल्या पुस्तिका काढल्या जात. भित्तिपत्रके ते स्वतः रंगवीत. तोवर हस्तपत्रके व मजकुराच्या जाहिराती यांवर भागविले जाई. रस्त्याने जाणाऱ्याला थांबवील असे मोठे रंगीत चित्र ही नवी गोष्ट होती. चित्रपट कृष्णधवल व मूक, तर भित्तिपत्रक रंगीत. त्यामुळे न पाहिलेल्या चित्रपटाचे रंग प्रेक्षकाच्या मनात आधी भित्तिपत्रकच भरत असे. कल्याणचा खजिना या चित्रपटासाठी त्यांनी केलेले भित्तिपत्रक आज उपलब्ध असलेल्या सर्वांत जुन्या भारतीय चित्रपट-भित्तिपत्रकांपैकी एक मानले जाते. भारतातील हाताने रंगविलेल्या चित्रपट-फलकांच्या दीर्घ परंपरेच्या आरंभी त्यांचे नाव घेतले जाते.

प्रभातची स्थापना व बोलपटांचा काळ

कंपनीत तयार झालेल्या शिष्यांना १९२७ पासून स्वतंत्र दिग्दर्शनाची संधी मिळू लागली. नेताजी पालकर (१९२७) हा शांताराम यांनी, तर महारथी कर्ण (१९२८) हा दामले व फत्तेलाल यांनी दिग्दर्शित केला. १ जून १९२९ रोजी शांताराम, दामले, फत्तेलाल व धायबर यांनी सीतारामपंत कुलकर्णी यांच्या भांडवलाच्या जोरावर कोल्हापुरातच प्रभात फिल्म कंपनी स्थापन केली. एकाच वेळी प्रमुख सहकारी गेल्यामुळे महाराष्ट्र फिल्म कंपनीचा कणा मोडला. लंका (१९३०) यासारखे काही चित्रपट निघाले. परंतु लवकरच कंपनीचे काम थांबले.

याच सुमारास बोलपट आले. १९३१ साली आलम आरा हा पहिला भारतीय बोलपट प्रदर्शित झाला आणि पुढच्याच वर्षी प्रभातने अयोध्येचा राजा काढला. बाबूरावांना ध्वनीचे आकर्षण नव्हते. अनेक वर्षांच्या कष्टाने चित्रांची जी भाषा घडत आली होती, ती संवाद व गाणी यांच्या गर्दीत हरवेल, अशी त्यांची धारणा होती. आरंभीच्या बोलपटांत कॅमेरा ध्वनिग्राहकाच्या भोवती खिळून राहिला आणि चित्रपट पुन्हा नाटकासारखे दिसू लागले, हे पाहता त्यांची भीती निराधार नव्हती.

तरीही त्यांनी बोलपट केले. कोल्हापूरच्या शालिनी सिनेटोनसाठी त्यांनी उषा (१९३५), सावकारी पाश (१९३६) व प्रतिभा (१९३७) हे चित्रपट दिग्दर्शित केले. साध्वी मीराबाई (१९३७) व रुक्मिणी स्वयंवर (१९४६) हे त्यांचे आणखी काही बोलपट होत. १९४७ साली व्ही. शांताराम यांच्या राजकमल कलामंदिराने काढलेल्या लोकशाहीर राम जोशी या चित्रपटाच्या दिग्दर्शनात त्यांचा सहभाग होता. जयराम शिलेदार व हंसा वाडकर यांच्या भूमिका, ग. दि. माडगूळकर यांचे लेखन आणि वसंत देसाई यांचे संगीत यांमुळे हा चित्रपट अतिशय लोकप्रिय झाला. सव्वीस वर्षांपूर्वी ज्याला पडद्यावर आणले, त्या शिष्याच्या संस्थेत गुरूने केलेले हे काम होते. विश्वामित्र (१९५२) व महाजन (१९५३) हे त्यांचे अखेरचे चित्रपट.

चित्रे व शिल्पे

चित्रपटांच्या धकाधकीतही बाबूरावांचे चित्रकाम व मूर्तिकाम चालू राहिले आणि मूकपटांचा काळ संपल्यावर ते पुन्हा या कलांकडे अधिक वळले. तैलरंगातील व्यक्तिचित्रे तसेच लक्ष्मी, सरस्वती यांसारख्या देवतांची चित्रे त्यांनी रंगविली. गडद पार्श्वभूमीतून हळुवार प्रकाशाने उमलणारी आकृती हे त्यांच्या चित्रांचे वैशिष्ट्य मानले जाते. त्यांच्या चित्रपटांतील प्रकाशयोजनेशी त्याचे साम्य सहज जाणवते.

शिल्पकार म्हणून त्यांची सर्वपरिचित कृती म्हणजे कोल्हापूरच्या शिवाजी चौकातील छत्रपती शिवाजी महाराजांचा पुतळा. त्या जागी पूर्वी मुंबईचे गव्हर्नर सर लेस्ली विल्सन यांचा पुतळा होता. १९४२ च्या आंदोलनात तो विद्रूप करण्यात आला. त्यानंतर भालजी पेंढारकर यांच्या पुढाकाराने १९४५ साली तेथे शिवाजी महाराजांचा पुतळा बसविण्यात आला व तो घडविण्याचे काम बाबूरावांनी अल्पावधीत पूर्ण केले. परकीय सत्ता अद्याप गेलेली नसताना गव्हर्नरच्या जागी महाराजांची प्रतिमा उभी राहिली, म्हणून या शिल्पाला कोल्हापूरच्या सार्वजनिक जीवनात विशेष स्थान आहे.

शिष्यपरंपरा

बाबूरावांच्या हाताखाली तयार झालेल्या कलावंतांनी पुढील अर्धशतक मराठी व हिंदी चित्रपटाला दिशा दिली. दामले व फत्तेलाल यांनी दिग्दर्शित केलेल्या संत तुकाराम (१९३६) या प्रभातच्या चित्रपटाचा १९३७ सालच्या व्हेनिस चित्रपट महोत्सवात गौरव झाला. फत्तेलाल हे प्रभातचे कलादिग्दर्शक होते; त्यांच्या नेपथ्यातील भरीवपणा व साधेपणा यांवर गुरूचा ठसा आहे. शांताराम यांनी कुंकू, माणूस, शेजारी यांसारख्या चित्रपटांतून सामाजिक विषय हाताळले. सावकारी पाशमध्ये नाडलेल्या शेतकऱ्याचे काम त्यांनी तरुणपणी केले होते, हे या संदर्भात लक्षात घेण्यासारखे आहे. बाबूराव पेंढारकर हे नामवंत अभिनेते झाले. अभिनेते व चित्रकार चंद्रकांत मांडरे यांनाही बाबूरावांचे मार्गदर्शन लाभले.

यांपैकी कोणालाही बाबूरावांनी वर्गात बसवून शिकविले नाही. काम करता करता पाहणे, चुकणे आणि पुन्हा करणे हीच येथील शिक्षणपद्धती होती. बाबूराव स्वतः वडिलांकडे ज्या रीतीने शिकले, तीच रीत त्यांनी कंपनीत चालविली.

निधन व वारसा

१६ जानेवारी १९५४ रोजी कोल्हापूर येथे बाबूराव पेंटर यांचे निधन झाले.

त्यांच्या मूकपटांपैकी बहुतेक आज उपलब्ध नाहीत. त्या काळची नायट्रेट फिल्म चटकन पेट घेणारी व काळाबरोबर कुजणारी होती. खेळ संपल्यावर जुनी फिल्म जपून ठेवण्याची पद्धत नव्हती. तिच्यातील चांदी काढून घेण्यासाठी ती विकली जाई. पुण्याचे राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय १९६४ साली स्थापन होईपर्यंत फार मोठा ठेवा नष्ट झाला होता. मुरलीवाला व सती सावित्री या चित्रपटांचे काही भाग मात्र टिकून आहेत. सैरंध्री, सिंहगड व मूक सावकारी पाश यांची ओळख आज समकालीनांच्या आठवणी, छायाचित्रे, पुस्तिका व भित्तिपत्रके यांवरूनच करून घ्यावी लागते. जाहिरातीसाठी केलेली चित्रे काही प्रमाणात टिकली आणि ज्यांसाठी ती केली ते चित्रपट गेले, अशी ही विलक्षण स्थिती आहे.

कोल्हापुरात खरी कॉर्नर येथे महाराष्ट्र फिल्म कंपनीच्या स्मरणार्थ उभारलेला कॅमेरा स्तंभ आहे. कंपनीच्या स्थापनेचा दिवस म्हणून १ डिसेंबरला तेथे चित्रपट व्यावसायिक व रसिक एकत्र येतात. शहरात त्यांच्या नावाने कलामहर्षी बाबूराव पेंटर फिल्म सोसायटी कार्यरत असून देशोदेशींचे चित्रपट कोल्हापूरच्या प्रेक्षकांना दाखविण्याचे काम ती करते. मुंबईबाहेरील एका संस्थानी शहराला चित्रपटनगरीचे रूप प्राप्त झाले, त्याचा पाया बाबूरावांनी आपल्या कारखान्यातल्या लेथवर घातला होता.

दिग्दर्शित केलेले निवडक चित्रपट

मूकपट : सैरंध्री (१९२०), सुरेखाहरण (१९२१), भगवद्भक्त दामाजी (१९२२), सिंहगड (१९२३), कल्याणचा खजिना (१९२४), सती पद्मिनी (१९२४), राणा हमीर (१९२५), मायाबाजार (१९२५), सावकारी पाश (१९२५), भक्त प्रल्हाद (१९२६), मुरलीवाला (१९२७), सती सावित्री (१९२७), बाजीप्रभू देशपांडे (१९२९), लंका (१९३०).

बोलपट : उषा (१९३५), सावकारी पाश (१९३६), प्रतिभा (१९३७), साध्वी मीराबाई (१९३७), रुक्मिणी स्वयंवर (१९४६), लोकशाहीर राम जोशी (१९४७, सहदिग्दर्शन), विश्वामित्र (१९५२), महाजन (१९५३).